आग्वाद म्हणजे पाणवठा

कळंगुटहून कांदोळीकडे येताना मांडवीच्या मुखावरच्या एकाच डोंगराची तीन-चार नावं वाचायला-ऐकायला मिळतात. कुठं 'अगुआडा', कुठं 'अग्वादा', एखाद्या जाहिरातीत 'अगौडा', आणि बसचा कंडक्टर ओरडतो ते 'आग्वाद'. यात कंडक्टर बरोबर. मूळ पोर्तुगीज शब्दातला शेवटचा स्वर बोलताना जवळजवळ गिळलाच जातो. गोव्याच्या कोकणीनं आणि मराठीनं तो पुरता टाकून दिला, 'काबो'चं 'काब' केलं तसंच. राहिला तो 'ड'. पोर्तुगीज उच्चारात तो कधीच नव्हता. इंग्रजी स्पेलिंग डोळ्यांनी वाचून मराठीत लिहिणाऱ्यांनी तो आणला. गोव्यात आग्वादचा 'द' दरवाजातलाच.

नावाचा अर्थ सोपा आहे. आगुआ म्हणजे पाणी. आगुआदा म्हणजे जहाजानं गोडं पाणी भरून घेणं, आणि जिथं ते भरता येतं ती जागा. खलाशांचा रोजच्या कामाचा शब्द. मराठीत त्याला तंतोतंत जुळणारा शब्द आहे, पण तो कुणी वापरत नाही: पाणवठा. पाणवठ्याचा किल्ला, पाणवठ्याचा दीपस्तंभ, पाणवठ्याचा तुरुंग असं म्हणून पाहा, मग या डोंगराकडे वेगळ्या नजरेनं पाहावं लागतं.

गोव्याच्या किनाऱ्यावरची बाकीची टोकं नावापुरती तरी रसाळ आहेत. काणकोणच्या वाटेवरच्या काब द रामात अर्धं पोर्तुगीज आणि अर्धं रामायण; वनवासात राम-सीता तिथं राहिली असं लोक मानतात. मांडवीच्या मुखाशी पलीकडच्या तीरावर दोना पावल. पावला नावाच्या बाईनं कड्यावरून उडी घेतल्याची गोष्ट तिथला प्रत्येक टोपीवाला पर्यटकांना विकतो. वास्तविक त्या बाईची समाधीशिळा जवळच काबच्या चॅपेलमध्ये, आजच्या राजभवनात आहे आणि तिच्यावर साल १६८२ आहे. शिळेत प्रेमकथा नाही. आग्वादला अशी गोष्टच चिकटली नाही. ज्या नावात काम असतं त्याला दंतकथा धरत नसावी. 'धोबीतळाव' किंवा 'तांबट आळी' यांच्याभोवती कोण रचणार?

हा शब्द फक्त इथलाही नाही. पोर्तुगीजांच्या जुन्या नकाशांवर आफ्रिकेला वळसा घालत आलं की आग्वाद भेटत राहतात. १४८८ साली बार्तुलुमेउ दियश आफ्रिकेचं दक्षिण टोक ओलांडून ज्या उपसागरात उतरला तिथं झरा होता. तो दिवस ३ फेब्रुवारीचा, संत ब्लेझच्या सणाचा, म्हणून जागेचं नाव पडलं आगुआदा द सांव ब्राश. आजचं मोसेल बे. पाणी भरताना गुरं राखणाऱ्या स्थानिक खोइखोइ लोकांशी झटापट झाली आणि त्यात एकजण बाणानं मारला गेला. त्याच टोकाजवळची दुसरी जागा आगुआदा द साल्दान्या, म्हणजे आजच्या केप टाउनचा टेबल बे. पोर्तुगीज भारताचा पहिला व्हाइसरॉय फ्रान्सिश्कु द आल्मेदा कोचीहून मायदेशी परतताना पाणी भरायला तिथं थांबला आणि १ मार्च १५१० रोजी किनाऱ्यावरच्या मारामारीत साठेक माणसांसह मेला. दीवच्या समुद्रात मोठं आरमार बुडवणारा माणूस पाणवठ्यावर संपला. १५१० हेच त्याच्या जागी आलेल्या आल्बुकेर्कनं गोवा घेतल्याचं साल.

म्हणून 'आग्वाद' हे नाव नकाशावर लिहिताना खलाशी सौंदर्याची नोंद करत नव्हता. इथं पाणी आहे, इथं उतरावंच लागेल, आणि उतरताना जिवाला धोका आहे, या तीन गोष्टी तो एका शब्दात लिहीत होता.

आता पाणी इथंच का? गोव्याच्या किनाऱ्याला गोड्या पाण्याचा तुटवडा नाही, पण जहाजाला हवं तसं पाणी फार थोड्या ठिकाणी मिळतं. मांडवीचं पाणी पावसाळ्यात पणजीपर्यंत गोडं असतं, पण गढूळ. ऑक्टोबरनंतर खारं पाणी भरतीबरोबर आत कित्येक किलोमीटर शिरतं. वाळूच्या पट्ट्यातल्या विहिरी उथळ. आणि जहाज तर नदीच्या तोंडाबाहेर किंवा जेमतेम आत उभं. त्याला हवं किनाऱ्याला लागून, वाऱ्याच्या आडोशाला, भरतीच्या रेषेच्या वर आणि आपणहून वाहणारं पाणी. आग्वादचा डोंगर हे सगळं एका जागी देतो.

डोंगर जांभ्याचा आहे. वर सपाट सडा, त्याखाली चिऱ्याचा थर, आणि त्याखाली मूळ खडक कुजून झालेली पांढरट-पिवळी चिकण माती. चिरा हा दगड दिसायला घट्ट, पण आतून मधमाशांच्या पोळ्यासारखा भोकाभोकांचा. ज्यानं चिऱ्याचं घर बांधलं आहे त्याला गिलावा न केलेली भिंत पावसात कशी पाझरते हे सांगायला नको. सड्यावर पडलेला पाऊस असाच झिरपत खाली जातो, चिकण मातीवर येऊन अडतो, आणि मग आडवा सरकत डोंगराच्या पायथ्याला जिथं हा सांधा उघडा पडतो तिथं झऱ्याच्या रूपानं बाहेर येतो. गोव्यातले बहुतेक झरे याच सांध्यावर आहेत. पणजीतही हाच प्रकार. आल्तिन्होचा डोंगर जांभ्याचा, त्याच्या पायथ्याशी फोंत फिनिश आणि बोका द व्हाका हे झरे. झऱ्यांवरून खालच्या वस्तीचं नाव पडलं फोंताइन्यश, म्हणजे छोटी कारंजी. बोका द व्हाका म्हणजे गाईचं तोंड. आपण गोमुख म्हणतो तेच.

आग्वादचा झरा डोंगराच्या दक्षिण पायथ्याला, किल्ल्याच्या खालच्या कोटात आहे. पोर्तुगीज त्याला मांय द आग्वा म्हणत, पाण्याची आई. ही काही कवीकल्पना नव्हे. झऱ्याचं पाणी जिथं पहिल्यांदा बांधून घेतात त्या खोलीला त्यांच्या गवंड्यांच्या भाषेत हाच शब्द आहे, लिस्बनमध्येही त्या नावाचा मोठा हौद आहे. तरी आपल्या 'माय'च्या तो इतका शेजारी आहे की भाषांतर करायला हात धजत नाही.

झऱ्याचं वेळापत्रकही पाहण्यासारखं. या किनाऱ्यावर वर्षाला तीन हजार मिलिमीटरच्या आसपास पाऊस पडतो आणि त्यातला बहुतेक जून ते सप्टेंबर. डोंगर भिजून तुडुंब व्हायला गणपती उजाडतात. झरा सर्वांत जोरात वाहतो तो त्यापुढे दिवाळीपर्यंत. मग उतरत उतरत मे महिन्यात करंगळीएवढी धार राहते. लिस्बनहून मार्च-एप्रिलात निघालेली जहाजं गोव्याला पोचत सप्टेंबर-ऑक्टोबरात. परतीची निघत डिसेंबर-जानेवारीत. म्हणजे सहा महिन्यांची तहान घेऊन येणारे आणि सहा महिन्यांची शिदोरी घेऊन जाणारे, पहिले नेमके झऱ्याच्या भरात, दुसरे त्याची धार करंगळीएवढी व्हायच्या बऱ्याच आधी. हे कुणी जुळवलेलं नाही. जो पाऊस झरा भरतो तोच मोसमी वारा जहाजं आणतो.

पाणी भरणं म्हणजे काय काम होतं ते एकदा नीट पाहायला हवं, कारण 'जहाजं इथं पाणी घेत' या वाक्यात ते सगळं दडून जातं. प्रवासात खलाशाला रोज एक कनाद पाणी, म्हणजे सुमारे १.४ लिटर. पाचशे माणसांच्या जहाजाला दिवसाला ७०० लिटर. सहा महिन्यांचा हिशोब केला तर १ लाख २६ हजार लिटर, म्हणजे १२६ टन. इतकं कोणतंच जहाज एका दमात नेत नसे, वाटेत दुसरे आग्वाद होतेच. पण दोन महिन्यांचं न्यायचं तरी ४२ टन झालं. ते ठेवायचं लाकडी पिंपांत. पिंप हा मराठी शब्द पोर्तुगीज 'पीपा'वरूनच आला. बालदी आणि घमेलं हेही त्यांचेच. आपल्या न्हाणीघरातली निम्मी भांडी जहाजावरून उतरली आहेत.

एका पिप्यात साधारण ४३० लिटर मावतं. म्हणजे दोन महिन्यांसाठी शंभराच्या आसपास पिंपं, आणि प्रत्येक भरलेलं पिंप अर्ध्या टनाचं. प्रवासात रिकामी झालेली पिंपं उन्हानं वाळतात, फळ्या आक्रसतात, लोखंडी पट्ट्या सैल होतात. तशीच भरली तर सांध्यासांध्यातून गळणार. म्हणून आधी किनाऱ्यावर उतरवून पट्ट्या ठोकून बसवायच्या, मग एक-दोन दिवस पाण्यात फुगवत ठेवायची. आदल्या फेरीत दारू किंवा व्हिनेगर भरलेली पिंपं वेगळी काढायची, नाहीतर महिन्याभरात त्यातलं पाणी नाकाजवळ नेववत नाही. चांगल्या पिंपातलंही पाणी उष्ण कटिबंधात पंधरवड्यात बुळबुळीत होतं आणि त्यात किडे धरतात. खलाशी नाक दाबून, दात मिटून, फडक्यातून गाळून पीत.

भरण्याचं गणित भरती-ओहोटीशी बांधलेलं. गोव्यात उधाणाच्या दिवशी पाण्याच्या पातळीत दोन मीटरहून जास्त फरक पडतो, भांगेच्या, म्हणजे सर्वांत मंद भरतीच्या दिवशी मीटरभर. पाणी चढत असताना पिंपं भरायची, काठोकाठ, आत हवा राहू द्यायची नाही. हवा राहिली की पाणी आत डचमळतं आणि बूच सैल करतं. भरती पुरी झाली की फळ्यांवरून गडगडत पाण्यात सोडायची. ओहोटी लागली की दोरानं ओळीनं बांधलेली पिंपं होडीमागे ओढत जहाजाकडे न्यायची, म्हणजे प्रवाह आपल्या बाजूनं. ओहोटी संपता संपता काम सुरू केलं तर अर्ध्या टनाचं पिंप चिखलातून ढकलत न्यावं लागतं, आणि दहा माणसं असली तरी ते जागचं हलत नाही.

पाण्यानं भरलेलं पिंप बुडत कसं नाही? समुद्राचं पाणी गोड्या पाण्यापेक्षा थोडंसंच जड आहे. एक लिटर गोडं पाणी एक किलो, एक लिटर खारं पाणी एक किलो पंचवीस ग्रॅम. चाळिसाव्या हिश्श्याचा फरक. त्यात ओक लाकडाची स्वतःची तरंगण्याची ताकद. म्हणून पिंप तरंगतं, पण जेमतेम. पाठीची चार बोटं वर, म्हशीसारखं. बूच नेमकं वरच्या अंगाला येईल असं बांधायचं. ते खाली गेलं आणि सैल असलं तर समुद्र आत येतो. ४३० लिटरच्या पिंपात वीस लिटर खारं पाणी शिरलं तर प्रत्येक लिटरात दीड ग्रॅमहून जास्त मीठ होतं आणि सगळं पिंप चवीनं खारट लागतं. कळतं ते बहुधा जहाज आठवडाभर पुढे गेल्यावर. चाळिसाव्या हिश्श्याचा हा फरक लक्षात ठेवा, तो पुढं पुन्हा लागणार आहे.

झऱ्याची जागा दक्षिणेला असल्याचा फायदा इथं कळतो. हिवाळ्यात दुपारनंतर वायव्येचा वारा सुटतो आणि कांदोळीच्या उघड्या किनाऱ्यावर लाटा फुटू लागतात. डोंगराच्या मागे, मांडवीच्या तोंडाकडे, त्याच वेळी पाणी त्या मानानं शांत असतं. पिंपांची माळ ओढायला एवढं पुरे.

पावसाळ्यात मात्र हा आडोसाही कामाचा नाही. नैर्ऋत्येचा वारा थेट तोंडावर येतो आणि मांडवीच्या मुखाशी वाळूचा दांडा धरतो. दर्यावर्दी त्याला आजही आग्वाद बार म्हणतात. तो धरला की मोठी जहाजं आत-बाहेर करू शकत नाहीत. खनिज वाहणारे बार्ज पावसाळ्यात कुंभारजुव्याच्या कालव्यातून जुवारीत उतरून मुरगावला जात ते यासाठीच. १५१० च्या मे महिन्यात आदिलशाही फौजेनं आल्बुकेर्कला गोवा शहरातून, म्हणजे आजच्या जुन्या गोव्यातून हुसकून लावलं तेव्हा त्याला समुद्रात पळताच आलं नाही. बार बंद. अडीच महिने त्याची जहाजं पणजी आणि रेईश मागूश यांच्या मध्ये, दोन्ही काठांच्या तोफांच्या माऱ्यात, पावसात उभी होती. ऑगस्टच्या मध्याला वाट मिळाली तेव्हा बाहेर पडला, आणि नोव्हेंबरात परत आला.

ऑगस्टचा मध्य हे काही योगायोगाचं नाही. सिकेरीच्या, म्हणजे आग्वादच्याच डोंगरावर संत लोरेन्सचं चर्च आहे, लिन्यारीशच्या काउंटच्या कारकिर्दीतलं. पणजी-रायबंदरचा दगडी बांध घालणारा व्हाइसरॉय तोच. या संताचा सण १० ऑगस्टला. परंपरेनं त्या दिवशी बार उघडला असं मानतात. आठवडा-पंधरवडा इकडे-तिकडे धरला तर हीच नारळी पौर्णिमा. कोळी सोन्याचा नारळ सोडतो, पाद्री प्रार्थना म्हणतो, आणि दांडा आपल्या वेळेनं फुटतो. सरकारची मासेमारी-बंदी ३१ जुलैला संपते. ज्यांचं पोट दर्यावर आहे ते मात्र अजून थोडं थांबतात, आणि त्यात शहाणपण आहे.

जे थांबत नाहीत त्यांचीही उदाहरणं आहेत. २००० च्या जूनमध्ये रिव्हर प्रिन्सेस हे खनिजवाहू जहाज डोंगराच्या उत्तरेला कांदोळी-सिकेरीच्या वाळूत रुतलं. ते काढायला बारा वर्षं लागली आणि तेवढ्यात त्याच्याभोवती किनाऱ्याचा आकारच बदलला. २०१७ च्या जुलैत एक कॅसिनो जहाज मांडवीत शिरताना मिरामारच्या वाळूवर जाऊन बसलं. चारशे वर्षांत इंजिनं आली, उपग्रह आले, दांडा तोच.

किल्ला आला या सगळ्यानंतर. हा क्रम महत्त्वाचा आहे, कारण पुष्कळ लिखाणात किल्ला आधी आणि पाणी त्याची सोय म्हणून येतं. डच जहाजं गोव्याच्या तोंडाशी दिसू लागली तेव्हा पोर्तुगीजांनी १६०९ ते १६१२ मध्ये, रुय लोरेन्सु द तावोरा व्हाइसरॉय असताना, हा किल्ला बांधला. ७९ तोफांचा. त्या तोफा शहर राखायला होत्या हे खरं, पण शहर तर या टोकापासून नदीत पंधराएक किलोमीटर आत. आणखी आत शिरलेल्या शत्रूला रेईश मागूश आणि गास्पार दियश हे आतले किल्ले होतेच. या टोकावर किल्ला असण्याचं खरं कारण मला तरी पाणवठाच वाटतो. जहाज बाहेर उभं असताना पाणी भरत असतं तेव्हा निम्मी माणसं किनाऱ्यावर, होड्या पाण्यात, पिंपांची माळ दोरावर. तेवढी हतबल अवस्था लढाईतही नसते. आल्मेदा अशाच वेळी मेला. आणि पाणवठा शत्रूच्या हाती गेला तर त्याला नाकेबंदी करायला तळ मिळतो.

हे डचांनाही कळत होतं. १६३६ ते १६४४ दरवर्षी पाऊस संपला की त्यांचं आरमार मांडवीच्या तोंडाबाहेर येऊन पुढच्या पावसापर्यंत उभं राहायचं. समोर आग्वादचा झरा वाहतोय आणि प्यायला मिळत नाही. मग त्यांनी काय केलं? वेंगुर्ल्याला वखार घातली, १६३७ च्या सुमारास. तिच्या पडक्या भिंती अजून उभ्या आहेत आणि सिंधुदुर्गातल्या शाळांच्या सहली तिथं जातात. डच व्यापारासाठी आले एवढंच मुलांना सांगतात. ती वखार गोव्याबाहेर तिष्ठणाऱ्या आरमाराला रसद पुरवायलाही होती. आग्वाद मिळालं नाही म्हणून डचांनी स्वतःचं आग्वाद वेंगुर्ल्यात काढलं.

मराठ्यांच्या बाजूनं पाहिलं तरी तेच. १६८३ च्या अखेरीला संभाजीराजांच्या फौजा बार्देशात, म्हणजे आग्वाद ज्यात येतं त्या मुलखात शिरल्या. १७३९ साली व्यंकटराव घोरपडे गोव्यातल्या साष्टीत उतरले आणि सावंतवाडीकर भोसल्यांनी बार्देश घेतलं. दोन्ही वेळा आग्वाद पडलं नाही. आपल्याकडे याचं श्रेय तटबंदीला देतात. तट चांगलाच आहे, पण वेढ्यात किल्ला पडतो तो तहानेनं, आणि इथं आत पाणी, मागे समुद्र. रामचंद्रपंत अमात्यांच्या आज्ञापत्रात किल्ल्याच्या जागी आधी पाणी पाहा म्हणून बजावलं आहे. सिंधुदुर्गावर भर समुद्रात दूधबाव, दहीबाव आणि साखरबाव आहेत. ज्यांना हे ठाऊक होतं त्यांना आग्वाद का पडत नाही हेही ठाऊक असणार.

वरच्या कोटातलं टाकं आता. अंगणातल्या फरसबंदीवर फोटो काढत फिरणाऱ्यांना आपण टाक्याच्या छतावर उभे आहोत याचा पत्ता नसतो. खाली सोळा खांबांवर पेललेली प्रचंड पोकळी, क्षमता २३ लाख ७६ हजार गॅलन, म्हणजे सुमारे एक कोटी आठ लाख लिटर. एवढं मोठं टाकं झाकलेलं का? उघड्या तळ्यातून उन्हाळ्यात दिवसाला पाचेक मिलिमीटर पाणी उडून जातं; जानेवारी ते मे मिळून पाऊण मीटर. शिवाय ऊन नाही तर शेवाळ नाही. आतून चुन्याचा गिलावा हवाच, कारण नुसत्या चिऱ्याचं टाकं म्हणजे चाळण. गिलाव्याला तडा गेला आणि त्यात पिंपळाचं एक मूळ घुसलं की पुढच्या पावसात निम्मं टाकं रिकामं.

मार्गदर्शक सांगतात की याच टाक्यातून जहाजांना पाणी जायचं. जातही असेल. पण हिशोब मांडून पाहा. ते टाकं म्हणजे पाचशे माणसांच्या ८५ जहाजांची सहा-सहा महिन्यांची तहान. लिस्बनला जाणारी जहाजं वर्षाला फार तर पाच-सात. उलट तीनशे शिपायांची शिबंदी धरा, माणशी वीस लिटर, स्वयंपाक-धुण्यासह. रोजचे सहा हजार लिटर. टाकं पाच वर्षं पुरतं, मध्ये एकही पाऊस पडला नाही तरी. हे वेढ्याचं पाणी आहे. जहाजांचं पाणी खाली, समुद्राच्या काठाला, जिथून पिंप गडगडत नेता येतं. सड्यावरून अर्ध्या टनाचं पिंप उतरवायचा खटाटोप, पायथ्याला झरा असताना, कोण करेल?

टाकं पावसानं भरतं असं धरलं तर किती जागा लागेल? एका चौरस मीटरवर वर्षाला तीन हजार लिटर. पाचवा हिस्सा पहिल्या पावसाची घाण सोडून देण्यात आणि उडण्यात गेला असं म्हटलं तर साडेचार हजार चौरस मीटर, म्हणजे एकरापेक्षा थोडं जास्त. तेवढं अंगण सड्यावर सहज निघतं. मिरगाचा पहिला पाऊस टाक्यात घेत नाहीत हे कोकणातल्या कुठल्याही घरात माहीत आहे. पाखरांची विष्ठा, पालापाचोळा आणि धूळ सगळी त्यात.

दीपस्तंभाबद्दल थोडक्यात. जुना गोल मनोरा १८६४ चा, नवा १९७६ चा. ओसाड पडलेल्या संत आगुस्तीनच्या मठाची मोठी घंटा काही काळ आग्वादला होती. १८७१ साली ती पणजीच्या चर्चमध्ये नेली. पणजीकर संध्याकाळी जी ऐकतात ती हीच.

खालच्या कोटाचा पुढे तुरुंग झाला. इथं भाषेनं पुन्हा एक गंमत करून ठेवली आहे. तुरुंग हा शब्दही पोर्तुगीज, 'त्रोंकु'पासून. त्रोंकु म्हणजे झाडाचं खोड, आणि त्यावरून कैद्याचे पाय अडकवायचा लाकडी खोडा. आपला खोडाही खोडावरूनच. १९४६ साली गोवा मुक्तिलढ्याचे नेते त्रिस्तांव ब्रागांझ कुन्य यांना इथल्या दमट कोठडीत ठेवलं, मग पोर्तुगालमधल्या पेनिशला पाठवलं. सप्टेंबरात राममनोहर लोहिया आले. १९५५ च्या सत्याग्रहानंतर नानासाहेब गोरे, शिरूभाऊ लिमये, मधू लिमये, त्रिदिब चौधुरी. मोहन रानडे इथून लिस्बनजवळच्या काशियशला गेले आणि १९६९ पर्यंत, गोवा मुक्त होऊन सात वर्षं उलटली तरी, सुटले नाहीत. त्या काळच्या मराठी घरांत 'आग्वादला आहेत' एवढंच म्हणत. तुरुंग हा शब्द लावावा लागत नसे. पाणवठ्याचं नाव कोठडीचं नाव झालं होतं. २०१५ मध्ये कैदी कोलवाळला हलवले, आणि १९ डिसेंबर २०२१ पासून तिथं संग्रहालय आहे. तिकीट काढून जाता येतं. जाणार असाल तर पावसाळा संपता संपता जा, कोठड्या पाहून झाल्यावर डोंगराच्या बाजूची ओली भिंत पाहा, आणि भिंतीत चिरा कुठं संपतो आणि खालची फिकट माती कुठं लागते ते शोधा.

तो चाळिसावा हिस्सा राहिला. पिंप तरंगतं त्याच कारणानं कांदोळीच्या वाळूखाली गोडं पाणी खाऱ्या पाण्यावर तरंगतं. समुद्राच्या पातळीवर गोड्या पाण्याचा एक मीटर थर असेल तर खाली चाळीस मीटर गोडं पाणी असतं. हिशोब उलटाही चालतो. पंप लावून विहिरीची पातळी एक फूट उतरवली की खालून खारं पाणी चाळीस फूट चढायला लागतं, आणि एकदा चढलं की एका पावसात उतरत नाही. सड्यावर काँक्रीट पडलं की वरून मिळणारं पाणीही थेट गटारातून समुद्रात. मग पट्ट्यातल्या विहिरी फेब्रुवारीतच मचूळ होतात.

एप्रिल-मेमध्ये सिकेरीहून डोंगरावर जाणाऱ्या रस्त्याला टँकर लागतात. वळणावर गिअर बदलताना मागच्या नळातून पाणी सांडतं आणि तापलेल्या डांबरावर पट्टा उमटतो. दाराशी पाटी असते, आग्वाद, 'ड' घालून.